नवा पॅड, जुनी कॅसेट: पीसीवर जुने व्हिडिओ गेम खेळायला गेमपॅड लावताना

दिवाळीच्या सुट्टीत भाचा परभणीला आला तो नवा कोरा गेमपॅड घेऊनच. आल्या आल्या लॅपटॉपला लावला, निन्टेंडोच्या फॅमिकॉम या जुन्या मशीनच्या काळातला एक उड्या मारायचा गेम सुरू केला आणि पाच मिनिटांत वैतागला. "मामा, उडी मारायला ए दाबायलोय तर हा नुसता पळायलाय. आन् बी दाबलं की उडी. पॅडच खराब निघालाय बघ."

पॅड हातात घेऊन पाहिला. ठणठणीत होता. घोळ बटणांवर छापलेल्या अक्षरांचा होता. निन्टेंडोच्या पॅडवर ए हे बटण सगळ्यात उजवीकडं असतं. एक्सबॉक्सच्या धर्तीवरच्या पॅडवर, म्हणजे आज बाजारात मिळणाऱ्या दहातल्या आठ पॅडवर, ए खाली असतं आणि उजवीकडं बी. एम्युलेटर, म्हणजे पीसीवर जुन्या मशीनची नक्कल करणारा प्रोग्राम, अक्षर वाचत नाही, जागा बघतो. 'उजवीकडचं बटण म्हणजे उडी' एवढंच त्याला ठाऊक. हा लेख संपेपर्यंत एवढी एक गोष्ट डोक्यात ठेवा: बटणाचं नाव विसरा, अंगठा कुठं पडतो ते बघा.

आपल्याकडं नव्वदच्या दशकात ज्यांनी व्हिडिओ गेम खेळले, त्यांच्या अंगठ्याला ही जागा अजून आठवते. तेव्हा पॅडला आपण 'रिमोट' म्हणायचो आणि कॅसेट चालली नाही की फुंकर मारायचो. घरात यायचा तो डबा बहुतेक वेळा निन्टेंडोच्या फॅमिकॉमची नक्कल असायचा. मूळ फॅमिकॉम जपानात १९८३ साली आला, त्याचं अमेरिकी रूप एनईएस १९८५ साली. 'जगात जर्मनी, भारतात परभणी' म्हणणाऱ्या आमच्या गावात मूळ मशीन मी तरी पाहिलं नाही. नकलेच्या रिमोटवर डावीकडं फुली, मध्ये सिलेक्ट-स्टार्ट, उजवीकडं बी आणि ए, आणि त्यांच्या डोक्यावर बऱ्याचदा आणखी दोन बटणं: दाबून धरली की टकटकटक गोळ्या सोडणारी टर्बो. आजच्या पॅडवर फुलीच्या चार दिशा धरून सोळा-सतरा बटणं आहेत. त्यांतली कुठली जुन्या कुठल्या बटणाच्या जागी बसवायची, एवढाच खरा प्रश्न.

बटण दाबल्यापासून पडद्यावरचा गडी उडेपर्यंत मध्ये तीन नाके लागतात. पहिला नाका विंडोजचा: पॅड जोडलाय हे त्याला कळलं का? दुसरा एम्युलेटरचा: कुठलं बटण कुठं आहे हे त्याला कळलं का? तिसरा त्या-त्या जुन्या मशीनचा: त्याच्या मूळ रिमोटवरच्या बटणाशी जोडणी बरोबर झाली का? काहीही बिघडलं तरी नाके याच क्रमानं तपासायचे. लोक थेट तिसऱ्यावर जाऊन बसतात आणि तासभर सेटिंग्ज चिवडतात.

पॅड घेताना फुली बघा

जुन्या गेमसाठी पॅड घेताना लोक स्टिक (अंगठ्यानं फिरवायची छोटी दांडी) बघतात, व्हायब्रेशन बघतात, रंगीत दिवे बघतात. मी फुली बघतो. ही फुली, म्हणजे डी-पॅड, निन्टेंडोच्या गुनपेई योकोई यांनी १९८२ सालच्या हातात धरायच्या गेमसाठी बसवली. पुढं नव्वदीच्या मध्यापर्यंत घरगुती मशीनवरचे जवळपास सगळे गेम तिच्याच हिशोबानं लिहिले गेले. स्टिकनं ते खेळता येतात, पण फुलीला मिलिमीटरभर दाबलं की काम होतं, तिथं स्टिक अर्धा सेंटिमीटर लोटावी लागते.

स्वस्त पॅडची फुली एका ठिकाणी मार खाते: उजवीकडं दाबलं की वरचंही थोडं दाबलं जातं. मारामारीच्या गेममध्ये पुढं चालायला जावं आणि गडी उडी मारतो. हे तपासायची पद्धत खाली देतोच. पॅड परत करायची मुदत संपायच्या आत ती करून घ्या.

किमतीचं म्हणाल तर एक्सबॉक्सचा मूळ पॅड किंवा सोनीचा ड्युअलसेन्स उत्तमच, पण फक्त जुने गेम खेळायचे असतील तर तेवढा खर्च करायची गरज नाही. रेडगिअर, कॉस्मिक बाइट, अँट ईस्पोर्ट्स यांचे वायरचे पॅड त्या मानानं बरेच स्वस्त मिळतात आणि काम भागवतात. एटबिटडूचे पॅड खास जुन्या धर्तीचे असतात, त्यांची फुली मला आवडते. पहिला पॅड वायरचाच घ्या. बॅटरी नाही, ब्लूटूथची कटकट नाही.

पहिला नाका: विंडोज

पॅड यूएसबीला लावला, दिवा लागला, पण पुढं काहीच नाही? आधी केबल बदला. माझ्या टेबलाच्या खणात चार टाइप-सी केबली पडलेल्या असतात. त्यांतली एक फक्त चार्जिंगची आहे, तिच्यात डेटाच्या तारा नाहीत. तिनं पॅडचा दिवा लागतो, बॅटरी भरते आणि विंडोजला पॅडचा पत्ताही लागत नाही. मी दोन संध्याकाळी ड्रायव्हर शोधण्यात घालवल्या, तिसऱ्या दिवशी पॅडच्या खोक्यातली केबल सापडली. त्या केबलीला आता लाल दोरा बांधून ठेवलाय.

विंडोजला पॅड दिसतो का हे बघायला विंडोजचं बटण आणि आर एकदम दाबा. छोटी चौकट उघडेल, तिच्यात जे, ओ, वाय, मग टिंब, मग सी, पी, एल अशी अक्षरं सलग टाकून एंटर मारा. 'गेम कंट्रोलर्स' नावाची खिडकी येईल. यादीत पॅडचं नाव निवडून 'प्रॉपर्टीज' उघडा. प्रत्येक बटण दाबून बघा, त्याच्या आकड्याचा दिवा लागला पाहिजे.

आता फुलीची परीक्षा. याच खिडकीत फुलीसाठी एक गोल असतो आणि त्यात दिशा दाखवणारा बाण. अंगठा उजवीकडं दाबून धरा आणि न उचलता त्याच जागी जरा वर-खाली डुलवा, खेळाच्या भरात डुलतो तसा. बाण उजवीकडंच राहिला तर फुली चांगली. जरा हललं की बाण तिरका जात असेल तर तो पॅड मारामारीच्या गेमला कामाचा नाही. चारही दिशांना हे करा. नंतर अंगठा गोल फिरवा, आठही दिशा क्रमानं लागल्या पाहिजेत.

एक गोष्ट बघून घाबरू नका. एक्सबॉक्स पद्धतीच्या पॅडवर मागचे दोन्ही ट्रिगर (बंदुकीच्या चापासारखी बटणं) या खिडकीत एकाच पट्टीवर दिसतात. एक दाबला की पट्टी एका बाजूला, दुसरा दाबला की दुसऱ्या, दोन्ही दाबले की मध्ये. पॅड बिघडलेला नाही, ही जुन्या डायरेक्टइनपुट पद्धतीची खोड आहे.

त्या नावावरून आठवलं. विंडोजवर पॅड दोन भाषा बोलतात: जुनी डायरेक्टइनपुट आणि एक्सबॉक्स ३६० च्या वेळी, २००५ साली, आलेली एक्सइनपुट. एक्सइनपुटमध्ये बटणांची जागा ठरलेली असते, त्यामुळं एम्युलेटर पॅड लगेच ओळखतो. डायरेक्टइनपुटमध्ये 'बटण ३' म्हणजे काय हे पॅड बनवणारा ठरवतो. बऱ्याच स्वस्त पॅडना दोन्ही येतात आणि मधलं होम किंवा मोडचं बटण काही सेकंद धरलं की भाषा बदलते, दिव्यांची मांडणीही बदलते. सगळी बटणं लागतात पण भलतंच काम करतात, असं झालं तर नव्वद टक्के वेळा पॅड चुकून डायरेक्टइनपुटमध्ये गेलेला असतो. एटबिटडूच्या एसएन३० प्रोसारख्या पॅडवर एक्स आणि स्टार्ट धरून सुरू केलं की विंडोजची म्हणजे एक्सइनपुटची भाषा, बी आणि स्टार्ट धरलं की डायरेक्टइनपुटची.

ब्लूटूथनं जोडायचं असेल तर एक्सबॉक्सच्या पॅडवर वरच्या कडेचं छोटं बटण धरा, दिवा भरभर लुकलुकेपर्यंत. २०१३ च्या पहिल्या एक्सबॉक्स वन पॅडना ब्लूटूथ नाही, जुना पॅड विकत घेताना हे विचारा. सोनीच्या ड्युअलशॉक ४ ला पीएस आणि शेअर एकत्र धरायचं, ड्युअलसेन्सला पीएस आणि क्रिएट. पॅडसोबत स्वतःचा छोटा यूएसबी रिसीव्हर आला असेल तर तो यूएसबी ३ च्या पोर्टात, त्यातही पोर्टेबल हार्ड डिस्कच्या शेजारी लावू नका. यूएसबी ३ मधून २.४ गिगाहर्ट्झच्या आसपास गोंगाट सुटतो आणि रिसीव्हर त्याच लहरीवर ऐकत असतो. यूएसबी २ चा पोर्ट द्या किंवा हातभर एक्स्टेन्शन केबल लावून रिसीव्हर बाजूला काढा. बटण मध्येच 'खाल्लं' जाण्याची तक्रार बहुतेक वेळा एवढ्यानंच मिटते.

पुढं जायच्या आधी स्टीम (गेम विकत घेऊन चालवायचा प्रोग्राम) चालू असेल तर पूर्ण बंद करा. स्टीम पॅडचा ताबा घेतो आणि त्याचा माऊस किंवा दुसराच एक खोटा पॅड करतो, मग एकदा दाबलेलं बटण दोनदा लागतं. सोनीच्या पॅडसाठी काही जण डीएस४विंडोज हा प्रोग्राम टाकतात, तिथंही हाच दुप्पट दाबला जाण्याचा प्रकार होऊ शकतो. रेट्रोआर्क सोनीचे पॅड तसेच ओळखतो, त्यामुळं इथं त्या प्रोग्रामची गरज नाही.

दुसरा नाका: रेट्रोआर्क

एम्युलेटर बरेच आहेत. मी रेट्रोआर्क वापरतो, कारण एकदा पॅड बसवला की सगळ्या मशीनना तोच चालतो. फुकट आहे, त्याच्या स्वतःच्या साइटवरून उतरवा. त्यात प्रत्येक मशीनसाठी वेगळा 'कोअर', म्हणजे त्या मशीनची नक्कल करणारा भाग, टाकायचा असतो: फॅमिकॉमला नेस्टोपिया किंवा एफसीईयूएमएम, सुपर निन्टेंडोला स्नेस९एक्स, सेगाला जेनेसिस प्लस जीएक्स. 'लोड कोअर' मध्ये 'डाउनलोड अ कोअर' आहे, तिथून घ्या.

गेमचं काय? स्वतःच्या कॅसेटमधून काढलेली फाइल असेल तर ती वापरा. नसेल तर रेट्रोआर्कच्या 'ऑनलाइन अपडेटर' मधल्या 'कंटेंट डाउनलोडर' मध्ये मोफत वाटायला परवानगी असलेले गेम आहेत. शिवाय आजही लोक हौसेनं फॅमिकॉमसाठी नवे गेम लिहितात आणि त्यांतले कित्येक फुकट देतात. पॅड लावून बघायला तेवढे रग्गड झाले.

रेट्रोआर्कच्या पोटात एक काल्पनिक पॅड आहे, त्याला ते रेट्रोपॅड म्हणतात. त्याची मांडणी सुपर निन्टेंडोच्या पॅडसारखी: खाली बी, उजवीकडं ए, डावीकडं वाय, वर एक्स. तुमचा खरा पॅड कोणताही असो, आधी तो या काल्पनिक पॅडमध्ये बदलतो. भाच्याचा घोळ इथंच झाला होता. त्यानं दाबलं खालचं बटण, ज्यावर ए छापलंय. रेट्रोआर्कनं वाचलं खालचं बटण, म्हणजे बी. फॅमिकॉमला पोचलं बी, आणि बी म्हणजे पळणं.

आधी 'ऑनलाइन अपडेटर' मधून 'अपडेट कंट्रोलर प्रोफाइल्स' करून घ्या. मग पॅड काढून परत लावा. पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात पॅडचं नाव आणि तो पोर्ट १ ला बसल्याचा निरोप यायला हवा. आला तर हा नाका ओलांडला.

ओळख पटली नाही तर हातानं बसवावं लागेल. 'सेटिंग्ज', मग 'इनपुट', मग 'पोर्ट १ कंट्रोल्स', तिथं 'सेट ऑल कंट्रोल्स'. एकेका बटणाचं नाव विचारलं जातं आणि दाबायला काही सेकंद मिळतात. इथं पुन्हा तोच मोह होतो. 'बी बटण' विचारलं की डोळा पॅडवरचा बी शोधतो. नावाशेजारी दिशा लिहिलेली असते, 'डाउन', 'राइट', 'लेफ्ट', 'टॉप'. ती वाचून त्या जागेवरचं बटण दाबा. एखादं बटण तुमच्या पॅडवर नसेलच तर काही न दाबता वेळ जाऊ द्या. झालं की तिथंच 'सेव्ह कंट्रोलर प्रोफाइल', म्हणजे पुढच्या वेळी तो पॅड आपोआप ओळखला जाईल.

पॅड दिसतो पण गेम त्याला भीकच घालत नाही, असंही होतं. काही वायरलेस कीबोर्ड-माऊसचे रिसीव्हर स्वतःला गेमपॅड म्हणवून घेतात आणि पोर्ट १ बळकावून बसतात. 'पोर्ट १ कंट्रोल्स' मध्ये 'डिव्हाइस इंडेक्स' आहे, तिथं आपल्या पॅडचं नाव निवडा. आणि रेट्रोआर्कच्या मेन्यूत 'होय' आणि 'मागे' ही बटणं उलटी वाटली तर 'मेन्यू कंट्रोल्स' मध्ये त्यांची अदलाबदल करायची सोय आहे. तिचा गेमवर परिणाम होत नाही.

तिसरा नाका: अंगठा

आता गेम सुरू करा आणि जरा हाताकडं बघा.

जुन्या रिमोटवर बी आणि ए शेजारी शेजारी, एका आडव्या रेषेत होते. आपण त्यांना दोन बोटांनी दाबत नव्हतो. अंगठा आडवा पडायचा: टोक बीवर, पेराचा मांसल भाग एवर. पळायचं असलं की टोकानं बी दाबून धरायचं आणि खड्डा आला की ते न सोडता अंगठा नुसता मागं कलवायचा, की पेर एवर टेकायचं आणि उडी बसायची. हे कुणी शिकवलं नव्हतं, पण व्हिडिओ गेमच्या दुकानात तासाचे पैसे मोजलेल्या प्रत्येक पोराला यायचं.

आज रेट्रोआर्क लावल्या लावल्या बी खाली आणि ए उजवीकडं असतो. टोक खाली ठेवून पेर उजवीकडच्या बटणावर टेकवून बघा. मनगट वाकडं होतं, कोपर अंगापासून दूर जातं. जमत नाही म्हणून लोक स्वतःला म्हातारे समजतात. त्यापेक्षा बी डावीकडच्या बटणावर न्या आणि ए खालच्या. टोक डावीकडं, पेर खाली, अंगठा जसा नैसर्गिक पडतो तसाच. सुपर निन्टेंडो आल्यावर निन्टेंडोनं स्वतःच्या गेममध्ये पळायला डावं आणि उडीला खालचं बटण दिलं, ते उगाच नाही. यात आणखी एक फायदा फुकट मिळतो: एक्सबॉक्सच्या पॅडवर खालच्या बटणावर ए छापलेलंच आहे, म्हणजे अक्षरही जुळलं.

करायचं कसं? गेम चालू असताना कीबोर्डवर एफ१ दाबा, 'क्विक मेन्यू' येईल. त्यात 'कंट्रोल्स', मग 'पोर्ट १ कंट्रोल्स'. खालच्या बटणासमोर ए निवडा आणि डाव्या बटणासमोर बी. उरलेली दोन बटणं, उजवीकडचं आणि वरचं, टर्बो ए आणि टर्बो बी यांना द्या. नेस्टोपिया कोअरमध्ये टर्बो आधीच असतात, एफसीईयूएमएममध्ये कोअर ऑप्शन्समधून चालू करावे लागतात. नकलेच्या रिमोटवर वर दोन टर्बो असायचे, ते आता परत आले. मग 'मॅनेज रीमॅप फाइल्स' मध्ये जाऊन 'सेव्ह कोअर रीमॅप फाइल' करा. ही पायरी विसरलात तर उद्या सगळं पहिल्यासारखं. कोअरसाठी सेव्ह केलं की फॅमिकॉमच्या सगळ्या गेमना लागू होतं. एखाद्याच गेमला वेगळी मांडणी हवी असेल तर 'सेव्ह गेम रीमॅप फाइल'.

भाच्याच्या पॅडवर एवढंच केलं. त्यानं पहिलाच खड्डा पळत पळत पार केला आणि काही बोलला नाही. चौदा वर्षांच्या पोराकडून याहून मोठं प्रशस्तिपत्र मिळत नाही.

फुलीऐवजी स्टिकनं खेळायचं असेल तर याच पानावर 'अॅनालॉग टू डिजिटल टाइप' ला 'लेफ्ट अॅनालॉग' करा. स्टिकला हात न लावता गडी एका बाजूला सरकत असेल तर 'इनपुट' मध्ये अॅनालॉगचा डेडझोन (स्टिक किती हलेपर्यंत दुर्लक्ष करायचं तो आकडा) ०.१५ च्या आसपास ठेवून बघा, जुन्या पॅडला जरा जास्त लागतो.

बाकीच्या मशीनना एवढं कुटत बसावं लागत नाही. सुपर निन्टेंडोला काहीच करू नका, रेट्रोपॅड त्याच्यावरूनच बेतलाय. सेगा मेगा ड्राइव्हच्या मूळ पॅडवर ए, बी, सी एका ओळीत होते. जेनेसिस प्लस जीएक्स त्यांना डावं, खालचं, उजवं असं बसवतो. ओळीची कमान होते, पण अंगठा फिरतो. सहा बटणांचा पॅड १९९३ मध्ये आला, त्याची वरची तीन बटणं एल, वरचं आणि आर यांच्यावर जातात (एल आणि आर म्हणजे पॅडच्या खांद्यावरची डावी-उजवी बटणं). निन्टेंडो ६४ ला उजवीकडं चार पिवळी सी बटणं होती, ती मुपेन६४प्लस-नेक्स्ट या कोअरमध्ये उजव्या स्टिकवर येतात. त्या काळची स्टिक आजच्यापेक्षा कमी फिरायची, म्हणून गडी चालायच्या ऐवजी लगेच धावत सुटला तर कोअर ऑप्शन्समध्ये अॅनालॉगची सेन्सिटिव्हिटी कमी करा.

प्लेस्टेशनचं एक कोडं मात्र पुष्कळांना अडवतं. सोनीचा दोन स्टिकचा ड्युअलशॉक १९९७ चा आहे. त्याच्या आधीच्या बहुतेक गेमना स्टिक म्हणजे काय हे माहीतच नाही. बटणं दाबूनही काही होत नसेल तर 'कंट्रोल्स' मध्ये 'डिव्हाइस टाइप' साधा प्लेस्टेशन कंट्रोलर करा. नंतरच्या गेममध्ये स्टिक लागत नसेल तर तिथंच ड्युअलशॉक करा.

पॅड न सोडता सेव्ह

सोफ्यावर बसून खेळताना सेव्हसाठी उठून कीबोर्डपाशी जाणं म्हणजे जेवता जेवता पाण्याला उठणं. 'सेटिंग्ज', 'इनपुट', 'हॉटकीज' इथं 'हॉटकी एनेबल' ला सिलेक्टचं बटण द्या. मग सेव्ह स्टेटला (खेळ आहे तिथं गोठवून ठेवणं) आर, लोड स्टेटला (तिथूनच परत सुरू करणं) एल द्या. आता सिलेक्ट धरून आर दाबलं की सेव्ह, एल दाबलं की परत. नुसतं सिलेक्ट टिचकीसारखं दाबलं तर ते गेमला पोचतं, त्यामुळं एक गडी-दोन गडी निवडायला अडचण येत नाही. मेन्यू उघडायला 'मेन्यू टॉगल' च्या जोड्यांतून दोन्ही स्टिक एकदम दाबायची जोडी निवडा. स्टार्ट-सिलेक्ट निवडू नका, खेळाच्या भरात चुकून दाबलं जातं.

आणि लाइट. लॅपटॉपवाल्यांनी हा परिच्छेद सोडून द्यावा. डेस्कटॉप असेल आणि यूपीएसची बॅटरी माझ्यासारखी तीन उन्हाळे जुनी असेल तर नीट वाचा. ज्या जुन्या कॅसेटीत छोटी बॅटरी असायची, त्या गेमचा स्वतःचा सेव्ह रेट्रोआर्क एरवी गेम बंद करतानाच डिस्कवर लिहितो. गेममध्ये सेव्ह केलंत, पुढं खेळत राहिलात आणि लाइट गेली, तर तो सेव्हही गेला. 'सेटिंग्ज', 'सेव्हिंग' मध्ये 'सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटरव्हल' आहे, तो १० सेकंद करून ठेवा. एप्रिल-मे मध्ये दुपारी लाइट गेल्यावर मी एका रोल-प्लेइंग गेमचे चार तास असे घालवलेत.

बटण आणि उडी यांच्यामधला वेळ

सगळं बरोबर असूनही उडी उशिरा बसते, असं वाटतं का? भास असेलच असं नाही. हे गेम सेकंदाला ६० फ्रेम, म्हणजे ६० चित्रं, दाखवतात, म्हणजे एक फ्रेम सुमारे १६.७ मिलिसेकंदांची. टीव्ही, ब्लूटूथ आणि विंडोज मिळून तीन-चार फ्रेम सहज खातात. टीव्हीला एचडीएमआयनं जोडलं असेल तर सगळ्यात आधी टीव्हीचा गेम मोड चालू करा. चित्र सुंदर करायच्या नादात टीव्ही ते अडवून ठेवतो.

उरलेल्यासाठी रेट्रोआर्कमध्ये 'रन-अहेड' आहे. गेम स्वतःच बटण दाबल्यावर एक-दोन फ्रेम थांबून उत्तर देतो. रन-अहेड पडद्याआड तेवढ्या फ्रेम पुढं पळून बघतो आणि उत्तर आधीच दाखवतो. किती फ्रेम ठेवायच्या हे अंदाजानं ठरवू नका, मोजा. गेममध्ये गडी उभा असताना कीबोर्डवर पी दाबून थांबवा. पॅडवर उडीचं बटण दाबून धरा आणि कीबोर्डचं के एकेकदा दाबत चला, प्रत्येक वेळी एक फ्रेम सरकते. कितव्या फ्रेमला गडी हलला? त्यातून एक वजा करा, तो आकडा रन-अहेडला द्या. फॅमिकॉमच्या गेमना बहुधा एक पुरतो. जास्त दिला तर गडी झटके खात उडतो. जुन्या पीसीला हे झेपलं नाही आणि आवाज फाटायला लागला तर बंद करा.

एक उलटी तक्रार माझ्या वयाच्या लोकांकडून येते: गेम लहानपणापेक्षा जोरात पळतो. बरोबर आहे तुमचं. आपले टीव्ही पीएएल पद्धतीचे, सेकंदाला ५० वेळा चित्र बदलणारे, आणि त्यांच्यासाठी बनलेली नकली मशीनही ५० नंच चालायची. एम्युलेटर जपान-अमेरिकेच्या हिशोबानं ६० नं चालवतो. नेस्टोपियाच्या कोअर ऑप्शन्समध्ये 'सिस्टम रीजन' ला 'डेंडी' करून बघा. डेंडी हे रशियात गाजलेल्या अशाच एका नकलेचं नाव. वेग सहाव्या हिश्श्यानं उतरतो आणि खड्डे पुन्हा ओळखीचे वाटायला लागतात. भाच्याला मात्र ते रटाळ वाटतं, तो ६० वरच खेळतो.

दुसरा रिमोट

दोघांनी खेळायचं असेल तर दुसरा पॅड लावा, तो आपोआप पोर्ट २ ला बसतो. जो आधी लागतो तो पहिला गडी, आणि भाचा पहाटे उठून आपला पॅड आधी लावून ठेवतो. म्हणून मी 'डिव्हाइस इंडेक्स' मध्ये पोर्ट १ ला माझा पॅड ठरवून टाकलाय. दोन्ही पॅड एकाच कंपनीचे, एकाच नावाचे असतील तर यादीतलं नाव बघून काही कळत नाही. एकेक निवडून, गेम सुरू करून बघा कोणता हलतो.

मूळ फॅमिकॉमच्या दुसऱ्या रिमोटला स्टार्ट आणि सिलेक्ट नव्हतेच, तिथं एक छोटा माइक होता. गेम सुरू करायचा आणि थांबवायचा हक्क पहिल्या गड्याचा. रेट्रोआर्कमध्ये दुसऱ्याला मेन्यूचा हक्क द्यायचा असेल तर 'मेन्यू कंट्रोल्स' मध्ये 'ऑल यूजर्स कंट्रोल मेन्यू' चालू करावं लागतं. मी ते बंद ठेवलंय. गडी मरायला आला की भाचा अजून म्हणतो, "मामा, थांबव ना जरा, पाणी पिऊन येतो."